जागा राहिलेला संगणक

१

सगळ्या फायली जागच्या जागी होत्या. फक्त त्यांची नावं कुणीतरी चघळून थुंकून टाकल्यासारखी झाली होती.

माझ्या बाळाचा, पिल्लूचा ताप पहाटे उतरला होता. रात्रभर मी त्याच्या छातीचं वरखाली होणं पाहत बसले होते, त्यामुळे डिझाइनच्या खोलीत शिरले तेव्हा मला सगळं पाण्याखालून दिसावं तसं दिसत होतं. भिंती किंचित हलत होत्या. काळ्या स्क्रीनवर लाल अक्षरं होती : तुमच्या फायली आमच्या ताब्यात आहेत.

मी आधी नेटवर्कची केबल उपटली. मग बाकीचे संगणक बंद करायला लावले.

"वहिनी," मुंगी म्हणाली, "मी आले तेव्हा असंच होतं."

मुंगी म्हणजे माझी धाकटी नणंद. चणीनं लहान आणि सतत काहीतरी वाहून नेणारी, म्हणून घरचं हे नाव कारखान्यातही चिकटलं. आमच्याकडे प्लास्टिकच्या वस्तूंचे साचे बनतात. साच्याचं पोलाद कापण्याआधी वितळलेलं प्लास्टिक त्यात कुठून शिरेल, कुठे अडेल, कुठे गारठेल, हे संगणकावर पाहून घ्यायचं असतं. ते सिम्युलेशन मुंगी करते. रिकाम्या साच्यात रंग चढत जातात, आधी निळा, मग हिरवा, टोकाला लाल. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मला वाटलं होतं, एखाद्याच्या गालावर लाली चढतेय. सध्याचं काम होतं लहान मुलांना औषधाची वाफ देताना नाकातोंडावर धरायच्या मास्कचं.

संगणकांची देखभाल माझ्याकडे. नियम एकच होता आणि तो मी दारावर लावला होता : कुणीही काहीही डाउनलोड करायचं नाही. अपडेट हवं असेल तर मला सांगा. मी ते सॉफ्टवेअर बनवणाऱ्यांच्याच ठिकाणावरून घेते, वेगळ्या संगणकावर तपासते, मग बसवते. चष्मिष, आमचा दुसरा डिझायनर, त्या कागदाला 'आईची आज्ञा' म्हणतो.

साहेब आले. गळ्यातल्या दोरीचा चष्मा डोळ्यांवर चढवून त्यांनी लाल अक्षरं वाचली आणि चष्मा पुन्हा छातीवर सोडला.

"कितपत गेलं?"

"कालचं काम गेलं. आधीच्या प्रती मी वेगळ्या डिस्कवर ठेवते. ती डिस्क कपाटात असते, कशालाच जोडलेली नसते."

"देव पावला. आणि हे आलं कुठून?"

मी लाल अक्षरांची खिडकी बाजूला सारली. मागे ब्राउजरची एक खिडकी खाली मिटवून ठेवलेली होती. ती उघडली. सिम्युलेशनच्या सॉफ्टवेअरचं नाव, खाली 'मोफत अपडेट', आणि त्याखाली कच्च्या कैरीसारखं हिरवंगार बटण. पत्त्यात मूळ कंपनीचा मागमूस नव्हता. डाउनलोड झाल्याची नोंद होती, काल जेवणाच्या सुट्टीतली.

साहेबांनी मुंगीकडे पाहिलं.

"स्क्रीन थोडा वेळ हात नाही लागला की कुलूपबंद होते. बरोबर? पासवर्ड तुम्हा दोघींनाच माहीत. तुम्ही काल घरी, बाळापाशी. मग उरलं कोण?"

"मी नाही केलं," मुंगी म्हणाली.

"चूक कुणाचीही होते, पोरी. पण चूक करून वर तोंडावर नाही म्हणणारं माणूस मला या खुर्चीत नको. संध्याकाळपर्यंत खरं सांग, नाहीतर उद्यापासून येऊ नकोस."

२

मुंगीची ही पहिलीच नोकरी. सासऱ्यांनी शब्द टाकून लावलेली नव्हे. उलट 'वशिल्याची म्हणतील' म्हणून ते मुलाखतीच्या दिवशी रजेवर राहिले होते. सासरे इथले टूलरूमचे मास्तर. साच्याच्या पोलादाला आरशासारखं पॉलिश करणारा त्यांच्यासारखा हात आसपास नाही. फसवं डाउनलोड करून खोटं बोलली, हा शिक्का घेऊन मुंगी बाहेर पडली असती, तर कुठल्याही साच्याच्या कारखान्यात तिला दारात उभं केलं नसतं.

मी दार लोटून घेतलं.

"मुंगे, काल नक्की काय झालं?"

"गिऱ्हाइकाकडून नवी फाइल आली. ती उघडेना. नव्या आवृत्तीतली आहे, आधी अपडेट करा, असा संदेश आला. तुला फोन करणार होते, पण पिल्लू तापलेलं. म्हटलं उद्या सांगू. तोवर जुन्या फाइलचं सिम्युलेशन लावून ठेवलं आणि जेवायला गेले."

"जाताना स्क्रीन कुलूपबंद केलीस?"

ती उठून खिडकीशी गेली.

संगणक कधी मिटला नि कधी जागा झाला, याची नोंद तो स्वतःच ठेवतो. मी ती उघडली. काल दिवसभर स्क्रीन एकदाही मिटली नव्हती. जेवणाच्या सुट्टीतही नाही. म्हणजे माऊस सतत कुणाच्या तरी हाताखाली हलत होता.

"पूर्ण सुट्टी कुणीतरी इथे बसून होतं, असं हा म्हणतोय."

"मग म्हणू दे," मुंगी म्हणाली. ती स्क्रीनकडे पाहत नव्हती. खिडकीबाहेर पाहत होती. "वहिनी, बाबांना काही सांगू नकोस. टूलरूममध्ये कुणाला कळता कामा नये."

मी पुन्हा त्या फसव्या पानाकडे पाहिलं आणि पहिल्यांदा एक गोष्ट डोळ्यांत भरली. अक्षरं प्रचंड मोठी होती. चार शब्दांतच स्क्रीन भरली होती. पिल्लूच्या पुस्तकात असतात ना, एका पानावर एकच अक्षर, तशी. कुणीतरी मुद्दाम वाढवली होती.

आणि मुंगी तर लांबच्या भिंतीवरच्या कॅलेंडरातली बारीक अक्षरंही बसल्या जागेवरून वाचते.

३

संशय घ्यायला चष्मिष सगळ्यात सोयीचा होता. मागे एकदा फोटो कापायचं कुठलंसं फुकट ॲप त्यानं आपल्या संगणकावर उतरवलं होतं आणि माझी बोलणी खाल्ली होती. शिवाय मुंगीच्या खुर्चीवर त्याचा डोळा होता, हे तोच उघडपणे सांगायचा.

"या, इन्स्पेक्टरबाई," तो म्हणाला. "हातकड्या आणल्यात की दुपट्यानंच बांधणार?"

"काल जेवणाच्या सुट्टीत कुठे होतास?"

"पॅकिंगमध्ये, खोक्यांवर आडवा. माझं घोरणं सगळ्या पॅकिंगनं ऐकलंय, विचारा."

बोलता बोलता त्यानं एक नकाशा उचलला, चष्मा कपाळावर सरकवला आणि कागद नाकाला टेकवून बारीक आकडे वाचले. त्याला लांबचं दिसत नाही. जवळचं मात्र इतकं दिसतं की त्याची अक्षरं नेहमी मुंगीच्या पावलांएवढी. माणूस आळशी होता, पण त्या पानाचा धनी नव्हता.

मी वळले तशी त्यानं हाक मारली. आवाजातली मस्करी गेली होती.

"ऐका ना. हसणार नसाल तर सांगतो. आडवा व्हायला जाताना मी तुमच्या दारातून आत डोकावलो होतो. मुंगीची खुर्ची रिकामी होती."

"मग?"

"स्क्रीनवरचा बाण हलत होता. एकटाच. थंडीत कुडकुडल्यासारखा, जागच्या जागी. माऊसवर हात नव्हता कुणाचा. मी भुताखेतांना मानत नाही, पण तिथे थांबलोही नाही."

४

साहेबांना मी आडून विचारलं. ते म्हणाले, "सकाळी एकदा डोकावलो होतो. सुट्टीत गिऱ्हाइकाशी फोनवर भांडत होतो, माझा आवाज गेटपर्यंत गेला असेल." गेला होता, पहारेकऱ्यानं साहेबांची प्रत्येक शिवी पाठ म्हणून दाखवली.

जेवणाची सुट्टी झाली. टूलरूममधली यंत्रं एकेक करून थांबली. कारखाना थांबतो तेव्हा आवाज नाहीसा होत नाही, तो खाली बसतो, गढूळ पाण्यातल्या मातीसारखा. मी मुंगीच्या रिकाम्या खुर्चीत बसले. डोळे जड झाले होते. अर्धवट झोपेत मला वाटलं, मी घरीच आहे, पाळण्यापाशी, आणि कान देऊन ऐकते आहे. लेकराचा श्वास ऐकायची सवय लागली की बाईचे कान झोपेतही जागे राहतात.

आणि मला ऐकू आलं. अगदी बारीक. टिक. टिक. टिक.

आवाज खणातून येत होता.

खण उघडला. वर रुमाल, रुमालाखाली किल्ली द्यायचं जुनं मनगटी घड्याळ. सेकंदकाटा लांब, टोकाला लाल. मी ते टेबलावर उताणं ठेवलं. मग, का कोण जाणे, माऊस उचलून अलगद त्याच्या काचेवर ठेवला.

माऊसच्या पोटातला लाल उजेड काचेवर पडला. खालून काटा सरकत होता. स्क्रीनवरचा बाण थरथरायला लागला, एकटाच, कुडकुडल्यासारखा.

माझ्या अंगावर काटा आला आणि पाठोपाठ हसूही. भूत सापडलं होतं.

५

"तासन् तास चालतं ते गणित," मुंगी दारात उभी होती. डबा तसाच हातात, न उघडलेला. "स्क्रीन मिटली की संगणक झोपतो, संगणक झोपला की सिम्युलेशन मधेच पडतं. पुन्हा पहिल्यापासून. म्हणून माऊस घड्याळावर ठेवायचे. त्याला वाटतं, कुणीतरी हलवतंय."

"अगं वेडे, हे सकाळीच का नाही सांगितलंस? नियम मोडला म्हणून साहेब ओरडले असते, एवढंच. पण तुझ्यावरचा आळ गेला असता! स्क्रीन उघडीच होती म्हणजे पासवर्डची गरजच नव्हती. कुणीही येऊन बसू शकलं असतं."

"म्हणूनच नाही सांगितलं," ती म्हणाली आणि ओठ चावला.

सकाळपासून ती स्वतःला वाचवत नव्हती. घड्याळ लपवलं की प्रश्न तिच्यापाशी येऊन संपत होता. घड्याळ बाहेर आलं की पुढचा प्रश्न उभा राहत होता : मग बसलं कोण?

आता एकेक धागा आपोआप सुटत गेला. जो कुणी बसला, त्यानं माऊस घड्याळावरून उचलला, डाउनलोड केलं आणि माऊस पुन्हा घड्याळावर ठेवला. तसा ठेवला नसता, तर सुट्टीत स्क्रीन कधीतरी मिटली असती आणि तशी नोंद झाली असती. म्हणजे त्याला घड्याळाची युक्ती ठाऊक होती. आणि मुंगीचं गणित तुटू नये, याची त्याला काळजी होती. वाईट करायला आलेला माणूस असा वागत नाही. झोपलेलं मूल पुन्हा पाळण्यात ठेवावं, तसा त्यानं तो माऊस ठेवला होता.

दुसरं, ती मोठी अक्षरं. ज्याला जवळचं धूसर दिसतं, तो चष्मा लावतो. साहेबांचा तर गळ्यातच असतो. अक्षरं मोठी करावी लागतात ती ज्याला चष्म्याची गरज आहे आणि ज्याच्याकडे चष्मा नाही, त्याला. किंवा जो तो घ्यायला तयार नाही.

मला आज सकाळचं घर आठवलं. सासूबाई पिल्लूला मांडीवर घेऊन बसल्या होत्या. औषधाची बाटली सासऱ्यांनी माझ्यापुढे धरली. "किती थेंब लिहिलेत ते तूच वाच गं, माझे हात ओले आहेत." खांद्यावर टॉवेल होता. पण बाटली घेताना त्यांची बोटं माझ्या हाताला लागली होती, आणि ती कोरडी होती. त्यांच्या मनगटावर, जिथे वर्षानुवर्षं घड्याळ होतं, तिथे फिकट पट्टा उमटलेला होता.

"मोठं करून बघायला त्यांना तूच शिकवलंस?" मी विचारलं.

"नकाशे दाखवताना. एक कळ दाबायची आणि माऊसचं चाक फिरवायचं. खूप आवडलं होतं त्यांना." मुंगीच्या डोळ्यांतून पाणी ओघळलं. "सकाळी ते पान बघितलं आणि कळलं मला. वहिनी, डोळे गेले म्हटल्यावर पॉलिशचं काम काढून घेतील त्यांचं. मला दुसरी नोकरी मिळेल गं. त्यांना दुसरे हात कुठून मिळणार?"

६

टूलरूममध्ये मास्तर एकटेच होते. मास्कच्या जुन्या साच्याचा अर्धा भाग पुढ्यात होता आणि ते त्याच्या पोकळीत अंगठा फिरवत होते. डोळे मिटलेले. पोलाद इतकं गुळगुळीत होतं की छताचा दिवा त्यात तरंगत होता.

"बाबा."

"ये. पोरगं कसंय?"

"बरं आहे. बाबा, किती वाजले?" मी घड्याळ त्यांच्या तळहातावर ठेवलं.

त्यांनी ते ओळखलं, बोटांनीच. डोळ्यांसमोर धरलं. लांब धरलं. आणखी लांब, हात पुरेनासा होईपर्यंत.

"माझे हात तेलकट..." ते म्हणाले आणि थांबले. तेलाचा थेंब नव्हता. त्यांना कळलं, की मला कळलंय.

"मुंगीच्या संगणकावर काल तुम्ही बसला होता?"

"रंग चढताना बघायला गेलो होतो. पोलादात आयुष्य गेलं, पण प्लास्टिक आत कसं पळतं ते कधी बघायला मिळालं नव्हतं. तिथे नवी फाइल अडकून पडलेली. अपडेट मागत होती. म्हटलं पोरीचं अडलंय, तू घरी. शोधलं, तर पहिलंच नाव आपल्या सॉफ्टवेअरचं! हिरवं बटण दिसलं, दाबलं. काहीच झालं नाही. मग खिडकी मिटवली, माऊस होता तसा ठेवला. का गं? काही बिघडलं?"

"पत्ता वाचला नाहीत?"

"तो वरती अगदी बारीक असतो," ते हळूच म्हणाले. "अक्षरं मोठी केली तरी तो मोठा होत नाही."

मी त्यांना सगळं सांगितलं. लाल अक्षरं, साहेबांची मुदत, खणातलं घड्याळ. शेवटी मुंगी काय म्हणाली तेही.

ते पोकळीतल्या दिव्याकडे पाहत राहिले.

"कधीपासून दिसत नाही, बाबा?"

"पिल्लू जन्मलं तेव्हा तू माझ्या हातात दिलंस ना. सगळ्या बायका म्हणत होत्या, पापण्या बघा किती लांब आहेत. मी पण म्हटलं, हो, लांब आहेत." त्यांनी घड्याळ खिशात टाकलं. "मला दिसल्याच नव्हत्या."

ते उठले. जिना चढताना त्यांनी माझा हात धरला नाही, कठडाही धरला नाही. वाटेत मुंगीला हाक मारली, साहेबांच्या दारावर टकटक केली आणि आत जाऊन, मुंगीच्या आणि माझ्या देखत, सरळ म्हणाले, "ते बटण मी दाबलं. पोरीला ओरडू नका. आणि मला जवळचं दिसत नाही, तेही आजच लिहून घ्या."

साहेबांनी गळ्यातला चष्मा काढून टेबलावर ठेवला.

"चष्म्याला घाबरून सगळी कंपनी आंधळी केलीत की हो मास्तर."

"केली."

"डोळे तपासून या. तोवर साच्याला हात लावायचा नाही. नंतर तुमच्याशिवाय लावणार कोण?" मग ते मुंगीकडे वळले. "आणि तू! ते घड्याळ पुन्हा माऊसखाली दिसलं, तर हातोडीखाली जाईल. उद्या वेळेवर ये."

मुंगीनं मान हलवली. बाहेर आल्यावर तिनं डबा उघडून मास्तरांपुढे धरला आणि दोघांनी उभ्या उभ्याच खाल्लं.

७

मुंगीचा संगणक मी पार पुसून नव्यानं उभा केला. कपाटातल्या डिस्कवरून फायली परत आल्या. एक गोष्ट मात्र बदलली : स्क्रीन मिटली तरी आतलं गणित चालू राहील, अशी सोय करून दिली. नियम भिंतीवर लावून भागत नाही. माणसाला तो मोडावा का लागतो, तेही बघावं लागतं.

अपडेटच्या दिवशी मास्तर नवा चष्मा लावून आमच्या खोलीत येऊन बसले. मी कंपनीचं ठिकाण उघडलं, तर त्यांनी मला थांबवलं.

"थांब. आधी पत्ता वाचू." आणि एकेक अक्षर मोठ्यानं, सावकाश, बोट ठेवून वाचलं. "हं. आता दाब."

"बाबा, रोज असं वाचणार तुम्ही?" मुंगी म्हणाली.

"तुझी वहिनी रजेवर असली की वाचणार."

चष्मिष पलीकडच्या खोलीतून ओरडला, "मास्तर, माझी पण अक्षरं वाचा की, कुणालाच लागत नाहीत!"

नवी फाइल उघडली. मास्कच्या रिकाम्या साच्यात निळा रंग शिरला, मग हिरवा. मास्तर पुढे झुकले. "या एवढ्या रेघा असतात होय कडेला?" ते पुटपुटले. थोड्या वेळानं स्क्रीन आपोआप मिटली. आत काम चालू होतं.

त्या दिवशी घरी गेलो तेव्हा पिल्लू झोपलेलं होतं. सासरे पाळण्यावर वाकले. चष्मा नाकावरून घसरत होता, तो एका बोटानं धरून ठेवलेला. कितीतरी वेळ ते तसेच उभे.

"लांब आहेत," ते म्हणाले. "खरंच की गं."

मग माझ्याकडे न बघता हातानं खूण केली : जा, पड जरा, मी बघतोय.

मी उशीला डोकं टेकलं. भिंती हलायच्या थांबल्या होत्या. पाळण्यापाशी कुणीतरी जागं होतं, आणि त्याला सगळं दिसत होतं.